शिकागोच्या खटल्यातले शब्द
(अकादमीच्या व्याख्यानमालेत १ मे रोजी दिलेल्या भाषणाचा संपादित मजकूर)



एक मे हा दिवस आपण इंदूरचे मराठी लोक दोन नात्यांनी पाळतो. एक, महाराष्ट्र दिन म्हणून. आपण त्या राज्यात राहत नाही, तरी भाषेच्या नात्याने आपल्याला त्याचे अगत्य आहे. दुसरे, कामगार दिन म्हणून. माझे बालपण मालवा मिलच्या परिसरात गेले. मिलच्या भोंग्यावर घरातली घड्याळे लावली जात, आणि एक मे म्हणजे लाल झेंड्यांची मिरवणूक हे आम्हा मुलांना ठाऊक होते. पण ही तारीख शिकागो शहरातून आली, तिच्यामागे एक बॉम्ब, एक खटला आणि चार फाशा आहेत, हे मला कळले ते एम. ए. होऊन बरीच वर्षे झाल्यावर.

मी इतिहासाची अभ्यासक नाही. मी मराठी साहित्य शिकवते. तरी आज हा विषय मुद्दाम मागून घेतला, आणि त्याला निमित्त झाले वर्गातल्या एका प्रश्नाचे. आमच्या मराठीच्या वर्गात मुले बोटांवर मोजण्याइतकी असतात. त्यामुळे प्रश्न विचारणाऱ्याला लपायला जागा नसते आणि उत्तर देणाऱ्यालाही. एका मुलीने विचारले, ‘मॅडम, अनार्किस्ट म्हणजे अराजक माजवणारा ना?’ मी म्हटले, ‘परिभाषेत अराज्यवादी असा शब्द आहे.’ ती म्हणाली, ‘म्हणजे तेच ना?’ मी हो म्हणणार होते, पण थांबले. अराजक म्हटले की आपल्याला लूटमार दिसते, राजा नाही म्हणून उडालेला गोंधळ दिसतो. अराज्य म्हटले की राज्यसत्तेवाचून चालणारा समाज, अशी एक कल्पना उभी राहते; ती पटो न पटो, कल्पना तरी आहे. या दोन शब्दांमधल्या अंतरात १८८६ साली शिकागोत आठ माणसे उभी होती, आणि न्यायालयाला ते अंतर मोजण्याची गरज वाटली नाही. म्हणून हा विषय मला माझ्याच विषयातला वाटतो.

आधी थोडी पार्श्वभूमी सांगते. अमेरिकेतले यादवी युद्ध १८६५ साली संपले आणि पुढच्या वीस वर्षांत शिकागो हे रेल्वे, मांस, लाकूड आणि शेतीच्या यंत्रांचे प्रचंड शहर झाले. काम करायला जर्मन, आयरिश, चेक, पोलिश, स्कँडिनेव्हियन माणसे आली. दिवसाचे दहा-बारा तास काम, आठवड्याचे सहा दिवस. आठ तासांची मागणी जुनीच होती. इलिनॉय राज्याने तर १८६७ सालीच आठ तासांच्या दिवसाचा कायदा केला होता आणि तो एक मेपासून लागू झाला होता. कामगारांनी मोठी मिरवणूक काढली. पण कायद्यात एक वाक्यांश होता : करारात अन्यथा ठरलेले नसेल तर. मालकांनी लगेच अन्यथा ठरवून घेतले, आणि कायदा कागदावर राहिला. भाषेच्या अभ्यासकांनी अशा वाक्यांशांकडे अधिक लक्ष द्यायला हवे असे मला वाटते. आपण बहुधा विशेषणांकडेच बघत बसतो.

१८७३ साली मंदी आली. १८७७ च्या जुलैमध्ये मजुरीकपातीविरुद्ध रेल्वे कामगारांचा संप वेस्ट व्हर्जिनियातल्या मार्टिन्सबर्ग गावी सुरू झाला आणि वणव्यासारखा पसरला. शिकागोत पोलीस आणि सैन्य यांच्याशी झालेल्या चकमकींत सुमारे तीस माणसे मेली. त्या दिवसांत अल्बर्ट पार्सन्स नावाच्या जुळाऱ्याने कामगारांच्या सभेत भाषण केले आणि दुसऱ्या दिवशी त्याची वर्तमानपत्राच्या छापखान्यातली नोकरी गेली.

या पार्सन्सविषयी थोडे सांगितले पाहिजे. अलाबामात जन्मलेला, यादवी युद्धात कोवळ्या वयात गुलामगिरीच्या बाजूने लढलेला हा मुलगा युद्धानंतर टेक्ससमध्ये मुक्त झालेल्या काळ्या लोकांच्या हक्कांसाठी वर्तमानपत्र काढतो, आणि लूसी नावाच्या, काळ्या वंशाचे रक्त असलेल्या स्त्रीशी संसार मांडतो. त्या काळच्या टेक्ससमध्ये हे पचणारे नव्हते. दोघे १८७३ साली शिकागोला आले. तो खिळे जुळवी, ती कपडे शिवी. दोघेही लिहीत आणि दोघेही बोलत. पोलीस पुढे लूसीच्या भाषणांना अधिक भीत, असे दिसते.

मतपेटीतून काही होईल ही या मंडळींची आशा १८७७ नंतरच्या काही वर्षांत विरली. ऑक्टोबर १८८३ मध्ये पिट्सबर्गला एक अधिवेशन भरले आणि तिथे अराज्यवादी कामगारांची संघटना उभी राहिली. शिकागोच्या शाखेचे वैशिष्ट्य असे की त्यांच्या मते कामगार संघटना हीच उद्याच्या समाजाचे बीज होती. वर सरकार नको, मालक नको, संघटनांनी आपसांत देवघेव करावी. हा झाला विचार. त्याच्या जोडीला शस्त्राची भाषाही होती, आणि ती लपवण्यात अर्थ नाही. पार्सन्सच्या ‘अलार्म’ या इंग्रजी पत्रात डायनामाइटची स्तुती छापून येई. लुई लिंग हा एकवीस वर्षांचा सुतार खरोखरच बॉम्ब तयार करत होता. आज त्यांची बाजू मांडणारे पुष्कळदा हे पान उलटून पुढे जातात. तसे केले की खटल्याचा पेचच कळत नाही.

त्यांची वर्तमानपत्रे हा मला सर्वांत कुतूहलाचा भाग वाटतो. ‘आर्बायटर त्साइटुंग’ म्हणजे ‘कामगार वर्तमानपत्र’ हे जर्मन दैनिक होते. संपादक ऑगस्ट श्पीस, मूळचा खुर्च्या-कोचांचे गादीकाम करणारा कारागीर. साहाय्यक संपादक मिखाएल श्वाब, पुस्तकबांधणीचे काम केलेला. अडॉल्फ फिशर तिथेच खिळे जुळवत असे. रविवारची आवृत्ती वेगळी, साप्ताहिक वेगळे. चेक भाषेतही पत्र निघे. परक्या मुलखात आपल्या भाषेत दैनिक चालवणे म्हणजे काय, हे आपल्याला सांगायला नको. हैदराबाद, बडोदे, ग्वाल्हेर इथल्या आपल्या मासिकांची वर्गणी गोळा करण्याचे कष्ट या सभागृहातल्या अनेकांनी केले आहेत. फरक एवढाच की त्यांचा वाचक दिवसभर कारखान्यात राबून संध्याकाळी ते वाचत असे.

आता १८८६. दोन वर्षे आधी, १८८४ च्या ऑक्टोबरात, शिकागोतच भरलेल्या कामगार संघटनांच्या परिषदेने ठराव केला होता की एक मे १८८६ पासून आठ तास हाच कामाचा दिवस मानला जाईल. अराज्यवाद्यांनी प्रथम या मागणीला नाक मुरडले; मालकशाहीच नको तर तिच्यात तास कमी करून काय साधणार, असा त्यांचा तर्क होता. पण कामगारच मागणीमागे लोटले तेव्हा तेही आले आणि शिकागोत त्या चळवळीचे पुढारी झाले. एक मेला, शनिवारी, देशभर तीन लाखांवर आणि शिकागोत सुमारे चाळीस हजार कामगार संपावर गेले. दिवस शांततेत गेला.

सोमवारी, तीन तारखेला, मॅकॉर्मिक या कापणीयंत्रांच्या कारखान्याजवळ लाकडाच्या वखारीतल्या मजुरांची सभा होती. श्पीस बोलत होता. कारखान्यात फेब्रुवारीपासून टाळेबंदी होती आणि आत संपफोडे काम करत होते. पाळी सुटल्याचा इशारा झाला, सभेतले काही लोक तिकडे धावले, पोलीस आले, गोळीबार झाला, माणसे मेली. श्पीस संतापाने कार्यालयात परतला आणि त्याने एक पत्रक लिहिले. जर्मन आणि इंग्रजी, दोन्ही भाषांत. त्या पत्रकाच्या माथ्यावर एक शब्द होता : ‘सूड’. श्पीसने न्यायालयात सांगितले की हा शब्द मी लिहिला नाही, जुळणी करणाऱ्याने आपल्या मनाने घातला. आता हे खरे मानले तरी खालचा मजकूर काही मवाळ नव्हता. पण खटल्यात माथ्यावरचा तो एक शब्दच लेखकाच्या गळ्यात पडला.

दुसऱ्या दिवशी हेमार्केट चौकात निषेधसभा ठरली. तिचे पत्रक फिशरने तयार केले आणि शेवटी ओळ घातली की कामगारांनी सशस्त्र यावे. श्पीसने ती वाचली आणि म्हणाला, ही ओळ असेल तर मी बोलायला येणार नाही. ओळ काढली. वीसेक हजार पत्रकांपैकी काही शेकडा प्रती तोवर छापून झाल्या होत्या, आणि अर्थातच न्यायालयात त्यातलीच एक आली.

त्याच दिवशीच्या जर्मन दैनिकात वाचकांच्या पत्रपेटीच्या सदरात एकच शब्द छापला गेला : ‘रूहे’. जर्मनमध्ये याचा अर्थ शांतता, विश्रांती. सरकारी वकिलांचे म्हणणे असे की आदल्या रात्रीच्या गुप्त बैठकीत ठरलेला हा इशारा होता, सशस्त्र गटांनी तयार राहावे असा. श्पीसचे म्हणणे, हा शब्द छापण्यासाठी चिठ्ठी आली म्हणून मी तो छापला, त्याचा संकेतार्थ मला नंतर कळला आणि तेव्हा तो इशारा चुकीचा आहे असे कळवायला मी माणूस सांगितला. शांतता या शब्दाचा अर्थ बंड, हे ज्युरीला पटवणे सरकारी वकिलांना अवघड गेले नाही.

चार मेची रात्र. सभा उशिरा, साडेआठच्या सुमारास सुरू झाली. व्यासपीठ म्हणजे रस्त्याकडेची एक गाडी. श्पीस बोलला, पार्सन्स बोलला. महापौर कार्टर हॅरिसन स्वतः ऐकायला आले होते. त्यांनी पोलीस अधिकाऱ्याला सांगितले की इथे धोका दिसत नाही, आणि ते घरी गेले. आभाळ भरून आले, लोक पांगू लागले, काही शेकडा उरले. सॅम्युएल फील्डन शेवटचे बोलत होता. हा लँकेशायरच्या गिरण्यांतून आलेला इंग्रज, एके काळचा मेथडिस्ट उपदेशक, आता दगड वाहणाऱ्या गाडीवर काम करणारा. तेवढ्यात पावणेदोनशेच्या आसपास पोलीस कूच करत आले आणि त्यांच्या कॅप्टनने सभा बरखास्त करायला सांगितले. फील्डन म्हणाला, आम्ही शांतच आहोत. आणि त्याच क्षणी पोलिसांच्या रांगेत बॉम्ब पडला. मथायस डेगन हा शिपाई मेला. पुढच्या दिवसांत मृत पोलिसांची संख्या सात झाली. बॉम्बनंतर अंधारात पोलिसांनी बेफाम गोळीबार केला, त्यात निदान चार नागरिक मेले, आणि अनेक पोलीस आपल्याच सहकाऱ्यांच्या गोळ्यांनी जखमी झाले.

बॉम्ब कुणी फेकला, हे आजवर सिद्ध झालेले नाही.

पकडापकडी सुरू झाली. सभागृहे, छापखाने, घरे झडतीला पडली. आठ जणांवर खटला झाला : श्पीस, पार्सन्स, फिशर, लिंग, श्वाब, फील्डन, खेळण्यांचे दुकान चालवणारा जॉर्ज एंगल आणि ऑस्कर नीबी. पैकी पाच जर्मनीत जन्मलेले. पार्सन्स चार मेच्या रात्रीच शिकागोबाहेर निसटला होता आणि विस्कॉन्सिनमधल्या वॉकेशा गावी सुरक्षित होता. २१ जूनला, खटला सुरू झाला त्याच दिवशी, तो आपल्या पायांनी न्यायालयात आला आणि आरोपींच्या बाकावर जाऊन बसला.

ज्युरी निवडायला एकवीस दिवस लागले, ९८१ माणसे तपासली गेली. आरोपींविषयी आपले मत आधीच झाले आहे असे सांगणाऱ्यांनाही न्यायमूर्ती जोसेफ गॅरी यांनी चालवून घेतले. बॉम्ब यांपैकी कुणी फेकला, हे सिद्ध करण्याची जबाबदारी सरकार पक्षावर राहिली नाही. गॅरींच्या मांडणीचे सार असे : यांनी छापून आणि बोलून लोकांना हत्येची चिथावणी दिली, वेळ, जागा, माणूस ठरवला नव्हता तरी चालेल, त्या चिथावणीने कुणा अज्ञाताने कृत्य केले असेल, तर हेही खुनी. पण तो अज्ञातच असेल, तर त्याने ‘अलार्म’ वाचला होता की नाही हे कोण सांगणार? हा प्रश्न बचावपक्षाने विचारला. उत्तर मिळाले नाही.

मग पुराव्यादाखल वर्तमानपत्रांचे अंक आले. जर्मन लेखांची भाषांतरे वाचून दाखवली गेली. योहान मोस्टचे स्फोटकांवरचे पुस्तकही आले. २० ऑगस्टला निकाल लागला : सात जणांना फाशी, नीबीला पंधरा वर्षे. शिक्षा सुनावण्यापूर्वी आठही जणांनी भाषणे केली. तीन दिवस ती चालली. पार्सन्स एकटा सुमारे आठ तास बोलला. लिंगला इंग्रजी फारसे येत नव्हते.

इथे मराठी माणसाला दुसरा एक खटला आठवल्यावाचून राहत नाही. १९०८ साली मुजफ्फरपूरला बॉम्ब पडला. लोकमान्य टिळकांनी ‘केसरी’त ‘देशाचे दुर्दैव’ आणि ‘हे उपाय टिकाऊ नाहीत’ हे लेख लिहिले, आणि मुंबईच्या उच्च न्यायालयात त्यांच्यावर राजद्रोहाचा खटला झाला. बॉम्ब त्यांनी टाकला नव्हता, टाकायला सांगितलाही नव्हता. आरोप शब्दांवर होता, आणि तेही मराठी शब्दांच्या इंग्रजी भाषांतरांवर. टिळकांनी कोर्टाच्या भाषांतरकाराची उलटतपासणी स्वतः घेतली. या शब्दाला हा इंग्रजी शब्द बसत नाही, तो अधिक जहाल आहे, असे ते एकेका शब्दावर भांडले. सुमारे एकवीस तास बोलले. सात युरोपियन आणि दोन पारशी अशा ज्युरीने सातास दोन मतांनी दोषी ठरवले. सहा वर्षे काळ्या पाण्याची शिक्षा झाली, आणि मुंबईच्या गिरणी कामगारांनी सहा दिवस संप केला. टिळक आणि श्पीस एका विचाराचे मुळीच नव्हते. खटल्याचा गुन्हाही वेगळा : तिकडे खून, इकडे राजद्रोह. पण परभाषेतला अग्रलेख न्यायालयात कसा ओळीओळीने सोलला जातो, त्याची रीत दोन्हीकडे सारखी आहे. आमच्या भाषांतराच्या अभ्यासक्रमात कविता असतात, नाटके असतात. न्यायालयातले भाषांतर नसते. ते असावे, असे मी विद्यापीठाच्या एका बैठकीत सुचवले होते. चहा आला आणि विषय राहिला.

असो. शिकागोकडे परत. राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर १८८७ मध्ये निकाल कायम केला, देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबरात हस्तक्षेप नाकारला. आता राज्यपालांची दया उरली. या वेळी अमेरिकेतले मोठे लेखक काय करत होते? बहुतेक गप्प होते. विल्यम डीन हॉवेल्स हे त्या काळचे सर्वांत प्रतिष्ठित कादंबरीकार आणि संपादक. त्यांनी कवी व्हिटियर यांना विनवले की दयेसाठी आवाज उठवा. गुलामगिरीविरुद्ध आयुष्यभर लिहिलेल्या त्या वृद्ध कवीने नकार दिला. तेव्हा हॉवेल्सनी स्वतः ‘न्यूयॉर्क ट्रिब्यून’ला पत्र लिहिले. वर्तमानपत्रांनी त्यांच्यावर टीकेची झोड उठवली. ते काही क्रांतिकारक नव्हते. सुखवस्तू, सौम्य गृहस्थ होते. पुढे १८९० साली त्यांची ‘अ हॅझर्ड ऑफ न्यू फॉर्च्युन्स’ ही कादंबरी आली. तीत लिंडाऊ नावाचा म्हातारा जर्मन समाजवादी आहे. गुलामगिरीविरुद्धच्या युद्धात हात गमावलेला, एका मासिकासाठी परभाषेतल्या मजकुराचे काम करून जगणारा, मोडक्या उच्चारात इंग्रजी बोलणारा. ट्राम कामगारांच्या संपात पोलिसांच्या दंडुक्याने तो जखमी होतो आणि मरतो. विद्यार्थ्यांनी ही कादंबरी अवश्य वाचावी. हॉवेल्सना प्रश्नाचे उत्तर सापडलेले नाही हे पानोपानी जाणवते, आणि मला तरी तेच तिचे बळ वाटते.

राज्यपाल ओगल्सबी यांनी १० नोव्हेंबरला फील्डन आणि श्वाब यांची फाशी जन्मठेपेत बदलली. त्यांनी दयेचा अर्ज केला होता. पार्सन्सने असा अर्ज केला नाही. त्याच सकाळी लिंगने कोठडीत तोंडात स्फोटक धरून स्वतःचा अंत केला. ११ नोव्हेंबर १८८७ रोजी श्पीस, पार्सन्स, फिशर आणि एंगल यांना फाशी दिले. लूसी मुलांना घेऊन शेवटच्या भेटीसाठी तुरुंगाशी गेली होती. तिला आत सोडले नाही, अटक केली.

पुढचे थोडक्यात सांगते. १८८९ साली पॅरिसच्या समाजवादी परिषदेने ठरवले की एक मे १८९० रोजी आठ तासांसाठी सर्व देशांत निदर्शने करावीत. अमेरिकेतल्या संघटनांनी तीच तारीख आधी धरली होती. तिथून हा दिवस जगभर गेला. गंमत अशी की अमेरिकेतच तो रुजला नाही. तिथे १८९४ च्या कायद्याने सप्टेंबरातला सोमवार कामगारांच्या सुटीचा झाला. आणि पहिल्या मे दिनानंतर चाळीस दिवसांनी, १० जून १८९० रोजी, ‘दीनबंधु’चे संपादक नारायण मेघाजी लोखंडे यांच्या प्रयत्नांनी मुंबईच्या गिरणी कामगारांना रविवारची सुटी मिळाली. दोन घटनांचा संबंध जोडण्याचा माझा हेतू नाही. मागणी करणारा इथेही एक वर्तमानपत्रवाला होता, एवढेच.

१८९३ साली इलिनॉयचे नवे राज्यपाल जॉन पीटर आल्टगेल्ड यांनी फील्डन, श्वाब आणि नीबी यांना मुक्त केले. केवळ दया दाखवून सोडले असते तर फारसे कुणी बोलले नसते. पण त्यांनी सविस्तर लेख लिहून कारणे दिली : ज्युरी भरून घेतलेली होती, ज्युरर पूर्वग्रहदूषित होते, गुन्हा सिद्ध झाला नव्हता. आल्टगेल्ड स्वतः जर्मनीत जन्मलेले. वर्तमानपत्रांनी तेही काढले. १८९६ च्या निवडणुकीत ते पडले.

शिकागोजवळच्या वाल्डहाइम दफनभूमीत १८९३ साली फाशी गेलेल्यांचे स्मारक झाले. हेमार्केटमध्ये त्याआधीच, १८८९ साली, पोलिसाचा पुतळा उभारला होता. तो १९६९ आणि १९७० मध्ये दोनदा स्फोटाने उडवला गेला, पुन्हा उभारला, जागा बदलत गेला, आणि आता पोलीस मुख्यालयापाशी आहे. सभेच्या जागी २००४ साली वेगळे शिल्प बसवले, त्या गाडीचे आणि वक्त्यांचे.

लूसी पार्सन्स १९४२ पर्यंत जगली. म्हातारपणी दृष्टी गेली तरी ती सभांना जाई. घराला आग लागून ती गेली. तिने साठ वर्षे जमवलेली पुस्तके आणि कागदपत्रे होती. आगीतून जी वाचली ती पोलिसांनी नेली. त्या मुलीने मला नंतर विचारले की मग ती पुस्तके परत मिळाली का. नाही मिळाली.